भयपटाच्या सेटवरचा स्टिल फोटोग्राफर: बेळगाव सीमाभागातून या कामात कसं शिरायचं

तुळशीचं लग्न लागलं की बेळगावपासून निपाणीपर्यंतच्या कुठल्याही चांगल्या फोटोग्राफरला फोन करून बघा, मे महिन्यापर्यंत तारीख मिळायची मारामार. कामाला तोटा नाही, हातही तयार आहेत. तरी यातल्या बऱ्याच पोरांना मनातून सिनेमाच्या सेटवर जायचं असतं आणि तिथं शिरायचं कसं हे सांगणारं जवळ कोणी नसतं. हा लेख त्यांच्यासाठी. भर मुद्दाम भयपट, रहस्यपट आणि ऐतिहासिक सिनेमांवर ठेवला आहे. मोठा नट नसलेला भयपट बघायला माणूस कशाच्या जोरावर येतो? पोस्टरवरच्या एका चित्राच्या. ते चित्र काढणाऱ्याची गरज म्हणूनच या सिनेमांना जास्त असते.

काम नेमकं कोणतं

मराठी सिनेमाच्या श्रेयनामावलीत ‘स्थिरचित्रण’ म्हणून जे नाव येतं, तो हा माणूस. रिहर्सल आणि टेक चालू असताना प्रसंगांचे फोटो काढणं हे त्याचं मुख्य काम. वर्तमानपत्रं, तिकिटांची ॲप, ओटीटीवरचे थंबनेल, सगळीकडे हेच फोटो जातात. त्याच्या जोडीला मेकिंगचे फोटो असतात: दिग्दर्शक सूचना देतोय, मेकअपवाला जखम रंगवतोय वगैरे. पोस्टरचं शूट बहुतेक वेळा वेगळं, वेगळ्या लाइटिंगवर होतं आणि मोठ्या सिनेमात त्याला मुंबईचा वेगळा फोटोग्राफरही येतो. त्याबद्दल रुसू नका.

चौथं काम भयपटात हमखास येतं, ते म्हणजे संदर्भाचे फोटो. प्रोस्थेटिक मेकअप, म्हणजे चेहऱ्यावर चिकटवलेल्या खोट्या जखमा आणि कातडी, तीन दिवसांनी पुन्हा तस्साच लावायचा असतो, त्यासाठी समोरून, दोन्ही बाजूंनी आणि जवळून स्वच्छ फोटो लागतात. व्हीएफएक्सवाल्यांना, म्हणजे संगणकावर दृश्यं रचणाऱ्यांना, भिंतींचे, दगडांचे, झाडांच्या सालींचे सपाट उजेडातले फोटो हवे असतात. प्रसंग जिथं घडला तिथं ते राखाडी आणि चकचकीत गोळा धरून उभे राहतात आणि कमी-जास्त एक्स्पोजरच्या फोटोंची मालिका मागतात. पुढे संगणकात घातलेल्या भुतावर उजेड कुठून पडायचा हे त्यातून ठरतं. हे कंटाळवाणं काम जो नीट करतो, त्याला पुढच्या सिनेमाला बोलावतात.

नुसत्या स्टिल फोटोग्राफीवर माणूस किती लांब जातो याचं आपल्याकडचं ठसठशीत उदाहरण निमाई घोष. रंगभूमीवरचा हा नट सत्यजित राय यांच्या सेटवर फोटो काढायला लागला आणि सुमारे अडीच दशकं काढत राहिला. भर सगळा असलेल्या उजेडावर, फ्लॅशवर नाही. त्यांचे फोटो नेटवर सापडतात. बघताना एवढंच बघा, की हा माणूस नेमका कुठं उभा असेल.

लग्नातलं काय ठेवायचं, काय सोडायचं

गर्दीत जागा काढणं, पुढचा क्षण आधी ओळखणं, दोन कार्डांवर एकदम फोटो साठवणं, बारा तास उभं राहणं. एवढं लग्नानं शिकवलेलंच असतं. मंगळाष्टकांचा शेवटचा ‘सावधान’ परत म्हणायला सांगता येत नाही. ती सवय सेटवर सोन्याची.

फ्लॅश मात्र घरी ठेवून जायचा. ‘इकडं बघा की’, ‘हसा जरा’ हेही बंद. सेटवर नटाला सूचना देण्याचा हक्क दिग्दर्शकाचा. तुम्हाला वेगळी पोज हवी असेल तर पहिल्या एडीला, म्हणजे मुख्य सहायक दिग्दर्शकाला विचारायचं. त्यानं ‘स्टिलसाठी एक मिनिट’ अशी हाक दिली तरच नट थांबतो. सगळ्यात अवघड जातं ते उजळ फोटोचं वेड सोडणं. लग्नाच्या अल्बमला घरातला प्रत्येक चेहरा दिसावा लागतो, भयपटाच्या स्टिलमध्ये निम्मं झाकलेलं राहावं लागतं. बघणाऱ्याच्या मनात ‘त्या दाराच्या आत काय असेल?’ हा प्रश्न राहिला नाही तर फोटो कितीही सुबक असो, कामाचा नाही. मला विचाराल तर या धंद्याचं सगळं कसब इथंच आहे, बाकीचं यंत्राचं.

कॅमेरा, आणि त्याच्या आवाजाचा प्रश्न

टेकच्या वेळी साउंड रेकॉर्ड होत असतो. पूर्वी डीएसएलआरवर आवाज दाबणारी जाड पेटी चढवावी लागे, तिला ब्लिंप म्हणतात. आता मिररलेस कॅमेऱ्याच्या सायलेंट शटरनं तो प्रश्न सुटला, पण दुसरा उभा राहिला. इलेक्ट्रॉनिक शटर सेन्सर एकदम वाचत नाही, ओळीओळीनं वाचतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणजे साधी ट्यूब किंवा स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होते. सायलेंट शटरवर १/५०० ठेवलंत तर फोटोवर आडवे काळे पट्टे येतात. १/५० किंवा १/१०० वर राहिलात तर प्रत्येक ओळीला उजेडाची पूर्ण फेरी मिळते आणि पट्टे जातात. सिनेमाच्या कॅमेऱ्याचंही गणित हेच असतं. २४ फ्रेमला शटर १७२.८ अंशांवर ठेवलेलं दिसलं तर समजायचं, डीओपीनं (सिनेमाच्या मुख्य छायालेखकानं) १/५० गाठलाय.

खेड्यात शूटिंग जनरेटरवर चालतं आणि जनरेटर दर वेळी नेमका ५० वर असतोच असं नाही. शिवाय डिमरवर कमी केलेले एलईडी आपल्याच वेगळ्या गतीनं लुकलुकतात. म्हणून लाइटिंग लागलं की रिहर्सलच्या आधी चार वेगवेगळ्या शटर स्पीडवर भिंतीचे फोटो काढून, मोठे करून बघायचे. दोन मिनिटांचं काम आहे. रिहर्सलला साउंड चालू नसेल तर बिनधास्त मेकॅनिकल शटर वापरा. हाणामारीचे, पळापळीचे फोटो तिथंच मिळतात.

सुरुवातीला दोन फुलफ्रेम बॉडी हव्यात, एक जुनी घेतलेली चालेल. एकीवर २४-७०, दुसरीवर ७०-२००, दोन्ही एफ २.८. पैसे कमी असतील तर ३५ आणि ८५ च्या एफ १.८ लेन्स घ्या, अंधारात त्या झूमपेक्षा सरस पडतात. कपडे काळे किंवा गडद, नाहीतर तुमचा पांढरा शर्ट नटीच्या डोळ्यांत किंवा खिडकीच्या काचेत दिसतो. स्क्रीनचा उजेड कमी करा, फोकसचा लाल-नारिंगी दिवा बंद करा, बीप बंद करा. एवढं केल्याशिवाय सेटवर पाय ठेवू नये.

खानापूरच्या पश्चिमेला, जांबोटी-कणकुंबीकडे पावसाळ्यात कॅमेऱ्याची बॅग आठवडाभर बंद राहिली तर लेन्समध्ये बुरशी धरते. ड्राय कॅबिनेट ४० ते ५० टक्के आर्द्रतेवर ठेवावं. ते परवडत नसेल तर घट्ट झाकणाचा डबा आणि सिलिका जेलची पाकिटं. पाकिटांतल्या दाण्यांचा रंग बदलला की ती तापवून परत वापरता येतात.

सराव इथंच होतो

मुंबईला गेल्याशिवाय काही शिकता येत नाही असं कोणी सांगितलं तर त्याला वैशाखातल्या शिवजयंतीला बेळगावात आणा. चित्ररथ मिरवणुकीतले सजीव देखावे म्हणजे रात्रीच्या उजेडातलं ऐतिहासिक नाट्यच. वेशभूषा आहे, तलवारी आहेत, धूर आहे, कुठून तरी येणारा रंगीत एलईडी आहे, आणि पोरं जीव तोडून अभिनय करतायत. नरगुंदकर भावे चौकात उभं राहून ट्रॅक्टर, जनरेटर, मोबाइलवाले हात यातलं काहीही न येता फक्त सतरावं शतक दिसेल असे दहा फोटो काढा. जमलं तर पोर्टफोलिओची सुरुवात झाली. नवरात्रात पहाटेची दुर्गामाता दौड आहे, तिथं निळा उजेड आणि पिवळे दिवे एकत्र कसे सांभाळायचे ते कळतं.

गावच्या जत्रेतली नाटकं तर सोडूच नका, मराठी असोत वा कानडी. चिक्कोडी-रायबागकडे श्रीकृष्ण पारिजाताचा खेळ लागला तर रात्रभर बसा. रंगमंचावर तुम्हाला उजेड बदलता येत नाही, नटाला थांबवता येत नाही, आवाज करता येत नाही, सेटवरच्याच अटी. दुपारी वेळ मिळाला तर टिळकवाडीत वरेरकर नाट्य संघाच्या के. बी. कुलकर्णी कलादालनात एखादं चित्रप्रदर्शन बघून या. अंधार रंगवताना चित्रकार काळा रंग किती कमी वापरतो, हे डोळ्यांत बसलं पाहिजे.

मग स्वतःची एक गोष्ट रचा. दोन मित्र, एक जुनं घर, एक कंदील. बारा फोटोंत भीती उभी करायची आणि भूत एकदाही दाखवायचं नाही. आषाढात राजहंसगडावर धुकं उतरतं तेव्हा तिथंही हे करता येईल, फक्त गडावरचा शिवरायांचा मोठा पुतळा चुकून मागे येऊ देऊ नका. शिवकाळातल्या प्रसंगात महाराजांचाच पुतळा म्हणजे सगळं मुसळ केरात.

पहिलं काम कुठून मिळतं

आपल्या भागाची जागा मोक्याची आहे. कोल्हापूर महामार्गानं सुमारे ११० किलोमीटर, म्हणजे सकाळी लवकर निघालं की कॉल टाइमला, म्हणजे सेटवर हजर व्हायच्या वेळेला पोचतो. बाबूराव पेंटरांनी तिथं सिनेमा उभा केला, १९२९ साली प्रभातची सुरुवात तिथंच झाली, आणि आजही चित्रनगरीत मालिका व सिनेमांची शूटिंग चालतात. पश्चिमेला चोर्ला घाट उतरला की गोवा, तिथं २००४ पासून दर वर्षी इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. तिकडे हुबळी-धारवाडची कानडी युनिट. मराठी आणि कानडी दोन्ही घडघडा बोलणारा स्टिल फोटोग्राफर बाहेरून आलेल्या युनिटला दुधात साखर वाटतो. बघ्यांच्या गर्दीला ‘स्वल्प बाजू सरीरी’ आणि ‘अण्णा, जरा मागं व्हा की’ हे दोन्ही त्याच दमात म्हणता येणं ही छोटी गोष्ट नाही.

अर्ज दिग्दर्शकाला करू नका, त्याला वेळ नसतो. लाइन प्रोड्यूसर किंवा प्रॉडक्शन मॅनेजर हा माणूस धरा. तो लोकेशन, जेवण, गाड्या, राहणं यांच्या शोधात आधी येऊन गेलेला असतो. स्थानिक हॉटेलवाले, जनरेटरवाले, मंडपवाले यांना शूटिंगची खबर सगळ्यांत आधी लागते, त्यांच्याशी ओळख ठेवा. भेटायला जाताना शंभर फोटो नेऊ नका. पंधरा-वीस पुरे, एकही लग्नाचा नको. आधी एखाददुसरी शॉर्टफिल्म करा, तीही कॉलेजच्या पोरांची चालेल, पण श्रेयनामावलीत नाव आणि फोटो वापरायची लेखी परवानगी एवढ्या दोन गोष्टी घेतल्याशिवाय फुकट करू नका.

सेटवरचा एक शॉट, सुरुवातीपासून

समजा नंदगडजवळच्या एखाद्या जुन्या घरात रात्रीचा प्रसंग आहे. नायिका कंदील घेऊन माजघरातून परसातल्या विहिरीकडे जाते. कॉलशीट आदल्या रात्री येते. त्यात प्रसंग क्रमांक, कलाकार, वेळ असते. पटकथेतली ती पानं मागून वाचा, म्हणजे कुठला क्षण पोस्टरचा आहे हे आधीच कळेल.

पोचल्यावर आधी डीओपीच्या सहायकाला विचारा: व्हाइट बॅलन्स कितीवर आहे? हा प्रश्न तुमची लायकी ठरवतो. रात्रीचं चांदणं दाखवायला खिडकीबाहेर ५६०० केल्विनचा दिवा लावतात आणि कॅमेरा ३२०० किंवा ४३०० वर ठेवतात, म्हणून ते निळं दिसतं. तुमचा कॅमेरा ऑटोवर असला की तो इमानदारीनं ती निळाई पुसून टाकतो आणि चांदण्याची दुपार करतो. त्यांचा आकडा घ्या, तोच लावा, रॉमध्ये काढा. मॉनिटरवर दिसणारा रंग मोबाइलवर टिपून ठेवला तर एडिटला उपयोग होतो, पण आधी विचारून.

एक्स्पोजर नायिकेच्या गालावर मोजा आणि मीटर सांगेल त्यापेक्षा एक ते दीड स्टॉप खाली ठेवा. आयएसओ ३२००, एफ २, १/१०० इथून सुरू करा. कंदिलाची ज्योत पांढरीफटक झाली तर आणखी खाली या. सावलीतलं नंतर थोडं वर काढता येतं, जळालेली ज्योत परत येत नाही. धुराचं मशीन चालू झालं की पहिले काही सेकंद सगळं दुधाळ होतं. थांबा. धूर पसरून पातळ झाला आणि मागच्या दिव्याचे पट्टे दिसायला लागले, की तो तुमचा फोटो.

उभं कुठं राहायचं? सिनेमाच्या लेन्सच्या जितकं जवळ जाता येईल तितकं, तिच्या किंचित खाली किंवा वर. कारण नट आणि उजेड दोन्ही त्या एका बिंदूसाठी मांडलेले असतात. फोकस पुलरच्या (सिनेमाच्या कॅमेऱ्याचा फोकस सांभाळणाऱ्याच्या) हाताला लागू नका, ट्रॉलीचा मार्ग आधी बघा, बूमची (लांब काठीवरच्या माइकची) सावली कुठं पडते ते बघा. नायिका ज्या दिशेला बघून घाबरणार आहे त्या रेषेत चुकूनही उभं राहू नका. तिच्या नजरेत कॅमेरा घेतलेला अनोळखी माणूस आला तर भीती कशी येणार? जागा सापडलीच नाही तर तो टेक सोडून द्या. पुढच्या टेकला किंवा लाइट बदलायच्या आधी मिळेल. लाइटदादा आणि स्पॉटदादांशी गोड राहिलात तर ते स्वतःच सांगतात, ‘इथं उभा राहा, इथनं दिसतंय.’

तिनं दार लोटलं त्या क्षणाचे आडवे फोटो घ्या, मग लगेच उभेही. उभ्यात डोक्यावर भरपूर अंधार सोडा, सिनेमाचं नाव तिथं येतं. आडव्यात चेहरा एका बाजूला, ओटीटीच्या थंबनेलवर अक्षरं दुसऱ्या बाजूला बसतात. आणि ‘कट’ म्हटल्यावर कॅमेरा खाली घेऊ नका. भूमिकेतून बाहेर यायला नटाला दोन-तीन सेकंद लागतात, चांगले फोटो पुष्कळदा तिथं असतात.

प्रकाराप्रमाणे बदलणाऱ्या गोष्टी

भयपटात भुताचा मेकअप हे निर्मात्याचं भांडवल. त्याचा फोटो संदर्भापुरता वेगळ्या फोल्डरमध्ये, प्रसिद्धीच्या फोटोंत मिसळायचा नाही. रहस्यपटात तर कोण कुणाशेजारी उभा आहे यावरूनही खुनी कळतो, म्हणून निवड करताना दिग्दर्शक शेजारी हवा. ऐतिहासिक सिनेमात स्टंटमनचा चेहरा नायकाच्या पोशाखात दिसता कामा नये. मनगटावरचं घड्याळाचं पांढरं वळ, घोड्याच्या मागची विजेची तार, दूरचा मोबाइल टॉवर मोठं करून बघा.

पावसाच्या मशीनखाली थेंब दिसायला उजेड मागून हवा. १/१००० च्या आसपास थेंब थिजतो, १/५० ला रेघ होते; भीतीला रेघ बरी, मारामारीला थेंब.

परवानग्या

परवानग्या प्रॉडक्शन काढतं, पण स्वतःच्या सरावाला गेलात तर तुमच्या तुम्ही. बेळगावच्या किल्ल्यातली कमल बस्ती किंवा हलशीची मंदिरं इथं ट्रायपॉड आणि नटमंडळी घेऊन जाण्याआधी पुरातत्त्व खात्याला विचारा. भीमगड अभयारण्यात वनखात्याची लेखी परवानगी हवीच. मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र आणि कॅन्टोन्मेंटचा भाग, तसंच सांबरा विमानतळाचा परिसर, इथं कॅमेरा जपून आणि ड्रोन अजिबात नको. गोकाकच्या धबधब्यावर पावसाळ्यात तुषार लांबवर येतात, लेन्स पुसायला कोरडी कापडं जास्तीची घ्या.

पैसे, कागद आणि गुप्तता

बोलणी झाली की कागद करा, व्हॉट्सॲपवरचं ‘ओके दादा’ पुरत नाही. दर दिवसाचा की सगळ्या सिनेमाचा ठोक, शिफ्ट किती तासांची, जादा तासांचं काय, प्रवास-राहणं कुणाकडे, आगाऊ रक्कम किती, श्रेयनामावलीत नाव कसं लिहायचं, एडिट केलेले किती फोटो द्यायचे, हे सगळं त्यात हवं. टीडीएस कापला जाईल, त्याचं प्रमाणपत्र मागून घ्या.

हक्कांबद्दल बऱ्याच जणांचा गैरसमज असतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे पैसे घेऊन दुसऱ्याच्या सांगण्यावरून काढलेल्या फोटोचा पहिला मालक तो सांगणाराच, वेगळा करार नसेल तर. म्हणजे ‘मी काढलाय, माझा फोटो’ हे सेटवर चालत नाही. पण करारात एक ओळ घालून घेता येते: सिनेमा प्रदर्शित झाल्यावर ठरावीक फोटो स्वतःच्या कामाचा नमुना म्हणून वापरायची मुभा. ती ओळ आधी मागितली तर सहसा देतात, नंतर मागितली तर कोणी फोन उचलत नाही.

प्रदर्शनापर्यंत तोंड बंद आणि स्टेटसही बंद. कलाकारासोबतचा सेल्फीसुद्धा नाही, मागे सेट दिसतो. गावात चुलत्यांनी ‘कुठं चाललंय रे शूटिंग?’ विचारलं तर हसून सोडून द्या.

रोज पॅकअपनंतर झोपायच्या आधी कार्डं दोन वेगळ्या हार्डडिस्कवर उतरवा. एक तुमच्याजवळ, दुसरी प्रॉडक्शनच्या गाडीत, दोन्ही एका बॅगेत कधीच नाहीत. फोल्डरला तारीख आणि प्रसंग क्रमांक द्या. दुसऱ्या दिवशी दहा-पंधरा निवडक फोटो दिग्दर्शकाला दाखवा. काही कलाकारांच्या करारात नको ते फोटो बाद करायचा हक्क असतो, त्यामुळे त्यांची मंजुरी येईपर्यंत बाहेर काही जाऊ नये. एडिट करताना सावल्या उचलण्याचा मोह होतो. डीओपीनं तासभर खपून केलेला अंधार तुम्ही एका स्लायडरनं घालवलात तर तो परत तुमचं नाव सुचवणार नाही.

रॉ फाइल प्रदर्शनानंतर लगेच उडवू नका. सिनेमा पुढे ओटीटीला गेला किंवा दुसऱ्या भाषेत डब झाला, की नव्या पोस्टरसाठी फोन येतो, ‘विहिरीचा तो फोटो मोठ्या साइजमध्ये आहे का?’ फाइल किती काळ सांभाळायची आणि ती शोधून, पुन्हा एडिट करून द्यायचे वेगळे पैसे किती, हेही पहिल्याच करारात लिहून ठेवा.